डिक कॅम्पबेल आणि आठवड्याच्या दोन संध्याकाळी: आर्ब्रोथचं २०२१-२२ नेमकं कशामुळे घडलं?

राखीव_फळी
स्कॉटिश फुटबॉल म्हटलं की आपल्याकडे गाडी सेल्टिक-रेंजर्सच्या पुढे जात नाही. हा धागा त्याखालच्या मंडळींसाठी.

डिक कॅम्पबेल. जन्म १९५३, फाइफमधला. खेळाडू म्हणून काउडनबीथ, ब्रीखिन अशा छोट्या क्लबांत. वरच्या स्तरावर नाव व्हावं असं खेळाडू म्हणून काही नाही. पण व्यवस्थापक म्हणून हजाराहून जास्त सामने. डनफर्मलिन, ब्रीखिन सिटी, पार्टिक थिसल, रॉस काउंटी, फॉर्फर, आर्ब्रोथ आणि मग ईस्ट फाइफ. बाकावर सोबत जुळा भाऊ इयन, डोक्यावर चपटी टोपी.

आर्ब्रोथ हा स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावरचा छोटा क्लब. मार्च २०१६ मध्ये तो चौथ्या स्तरावर, म्हणजे लीग टूमध्ये असताना साहेब आले. २०१७ ला लीग टू जिंकली, २०१९ ला तिसऱ्या स्तरावरची लीग वन. २०२१-२२ मध्ये चॅम्पियनशिपमध्ये, म्हणजे दुसऱ्या स्तरावर, दुसरा क्रमांक: ३६ सामने, १७ विजय, १४ बरोबरी, ५ पराभव, ६५ गुण. किलमार्नक ६७ गुणांवर विजेते. आणि हे सगळं अर्धवेळ खेळाडूंना घेऊन. दिवसा नोकरी, आठवड्यात दोन संध्याकाळी सराव, शनिवारी सामना. त्या विभागातले बाकी बहुतेक संघ पूर्णवेळ.

माझा प्रश्न साधा आहे. याचं श्रेय कशाला द्यायचं? व्यवस्थापकाला, मैदानाला, उसन्या खेळाडूंना, की त्या वर्षी विभागच कच्चा होता?

हवामानखाते
मैदानाला. आर्ब्रोथचं गेफील्ड पार्क उत्तर समुद्राला अक्षरशः खेटून आहे. भरतीची रेषा काही मीटरवर, मध्ये एक भिंत. जानेवारीत खारं पाणी उडून थेट प्रेक्षकांवर येतं. तिथे वाऱ्यात गोलकिक उंच मारली तर चेंडू मध्यरेषेपर्यंतही पोचत नाही, हवेत थबकतो आणि परत फिरतो. पाहुण्या संघाला हे कळेपर्यंत अर्धा तास गेलेला असतो.

वारा पाठीशी असताना काय चुकतं तेही सांगतो. नवखा संघ वारा आहे म्हणून लांब चेंडू मारत सुटतो. तो टप्पा घेऊन सरळ गोलरक्षकाकडे जातो, म्हणजे ताबा फुकट गेला. वारा पाठीशी असताना चेंडू खाली ठेवून पेनल्टी क्षेत्राबाहेरून नीचा फटका मारायचा आणि कॉर्नर गोलच्या दिशेने वळवायचा. वारा समोर असताना गोलरक्षकाने लांब मारायचंच नाही. जवळच्या बॅकला द्यायचं, थ्रो-इन छोटा घ्यायचा, फाउल मिळाला की श्वास घ्यायचा. नाणेफेकीपासून हा हिशेब सुरू होतो.

जिलबी_स्पेशल
गोलकिक वाऱ्याने फिरून स्वतःच्याच गोलमध्ये गेली तर?

तिसरा_पंच
@जिलबी_स्पेशल, गोल नाही. गोलकिक कुणाचाही स्पर्श न होता मारणाऱ्याच्याच गोलमध्ये गेली तर प्रतिस्पर्ध्याला कॉर्नर. स्वतःच्या गोलमध्ये थेट गेलेल्या फ्री किकलाही हाच न्याय. मात्र वाटेत गोलरक्षकाचा हात लागून आत गेली तर गोल. म्हणून अशा वेळी हात मागे घेणं शहाणपणाचं, पण इतका विचार करायला त्या क्षणी डोकं थंड हवं.

उजवा_बॅक
वाऱ्याची गोष्ट छान आहे पण गणितात बसत नाही. ३६ पैकी १८ सामने बाहेरचे. अख्ख्या हंगामात हरले ५. सगळे पाच बाहेर हरले असं धरलं तरी १८ पैकी १३ बाहेरच्या सामन्यांत गुण आणलेच ना? आणि किलमार्नक विजेते असून ९ हरले. वारा काय बसमध्ये भरून नेत होते काय?

शिवाय गेफील्डवर गवत आहे, तर त्या विभागात तेव्हा कृत्रिम मैदानं बरीच. खुद्द किलमार्नकच्या रग्बी पार्कवर २०१४ पासून कृत्रिम होतं. दर आठवड्याला पृष्ठभाग बदलला की फक्त बुटांचे स्टड बदलून भागत नाही. कृत्रिम मैदानावर पास जोरात धावतो, टप्पा वेगळा येतो, आणि आठवड्यात दोनदाच सराव असेल तर सवय करायला वेळच नसतो. म्हणजे मैदानाचा मुद्दा आर्ब्रोथच्या विरोधातही जातो.

हवामानखाते
बरं बाबा, पाच टक्के वारा. पण पाच टक्के घेणारच.

बाकावरचा
राखीव_फळी, कारकीर्द फार गुळगुळीत करून सांगितलीत. यशापेक्षा डच्चूच जास्त बोलके आहेत.

जानेवारी १९९९ मध्ये व्यवस्थापक बर्ट पेटन पायउतार झाल्यावर डनफर्मलिनची गादी मिळाली. आधी ते तिथेच सहायक होते. संघ त्याच मोसमात खाली गेला आणि १९९९ संपायच्या आत त्यांनाही जावं लागलं. मग ब्रीखिन. तिथे खरी कमाई झाली. २००२ ला तिसरा विभाग जिंकला, पुढच्याच वर्षी पुन्हा बढती, मग एकदा घसरण आणि २००५ ला दुसऱ्या विभागाचं विजेतेपद. अर्धवेळ क्लब, छोटं गाव. इयन कॅम्पबेल तिथला जुना गोलवीर, त्यामुळे घर आपलंच. तिथून पार्टिक थिसल. २००५-०६ हे स्कॉटिश लीगच्या खालच्या विभागांत प्ले-ऑफचं, म्हणजे बढतीसाठी हंगामाअखेरच्या बाद लढतींचं, पहिलंच वर्ष. थिसल चौथ्या क्रमांकावरून प्ले-ऑफमध्ये गेले आणि अंतिम लढतीत पीटरहेडला पेनल्टीवर हरवून वर आले. २००७ च्या मार्चमध्ये नारळ. मे मध्ये रॉस काउंटी, ऑक्टोबरमध्ये पुन्हा नारळ. त्या मोसमात काउंटीने डेरेक अॅडम्सच्या हाताखाली विभाग जिंकलाही.

आता यातला धागा बघा. डनफर्मलिन, थिसल, काउंटी हे मोठे किंवा पूर्णवेळ संसार, आणि तिथे मुक्काम थोडा. ब्रीखिन, फॉर्फर, आर्ब्रोथ हे अर्धवेळ, आणि तिथे प्रत्येकी पाच ते आठ वर्षं. हा माणूस अर्धवेळ फुटबॉलचा तज्ज्ञ आहे. पूर्णवेळ संघ हाताळायला वेगळं कसब लागतं आणि ते त्यांच्याकडे तितकं नसावं. टीका म्हणून नाही, स्वभाव म्हणून म्हणतोय.

राखीव_फळी
सहमत, भर घातल्याबद्दल आभार. फॉर्फरबद्दल एक राहिलं. ऑगस्ट २०१३ मध्ये लीग कपात याच फॉर्फरने रेंजर्सला जादा वेळेत २-१ हरवलं होतं. दोन्ही गोल गेव्हिन स्वँकीचे.

चहाटळ
फॉर्फर आणि ईस्ट फाइफ दोन्ही क्लब सांभाळलेला माणूस! ब्रिटनमध्ये निकाल वाचणाऱ्यांची जीभ अडकवणारा "ईस्ट फाइफ ४, फॉर्फर ५" हा जुना विनोद यांना दोन्ही बाजूंनी लागू. आपलं "कच्चा पापड पक्का पापड" समजा.

मडगावचो_गोली
प्रश्न. ब्रीखिन की ब्रेचिन? इंग्रजी स्पेलिंगवरून मी कायम ब्रेचिन वाचत आलो.

तिसरा_पंच
ब्रीखिन. तो "ख" घशातला, "लॉख" (तळं) या स्कॉटिश शब्दातला. इंग्लंडच्या निवेदकांना जमत नाही, आपल्याला सहज जमतो.

आकडेमोड
अर्धवेळ व्यवस्थापकाची महती गाताना ब्रीखिनचीच दुसरी बाजू कोणी मांडत नाही म्हणून मी मांडतो.

२०१७ मध्ये ब्रीखिन लीग वनमध्ये चौथे आले, प्ले-ऑफच्या अंतिम लढतीत अलोआला पेनल्टीवर हरवून चॅम्पियनशिपमध्ये गेले. २०१७-१८ चा हिशेब: ३६ सामने, ० विजय, ४ बरोबरी, ३२ पराभव. गुण ४. तोही अर्धवेळ संघ, विभाग तोच, फक्त चार वर्षं आधीचं. २०१९ ला ते लीग वनमधून खाली गेले आणि २०२१ ला केल्टी हार्ट्सकडून हरून ४२ क्लबांच्या लीगमधूनच बाहेर पडले, हायलँड लीगमध्ये.

म्हणजे "अर्धवेळ असूनही" हे वाक्य अर्धंच आहे. अर्धवेळ संघ चॅम्पियनशिपमध्ये गेला की काय होऊ शकतं त्याची खालची मर्यादा ब्रीखिन आणि वरची मर्यादा आर्ब्रोथ. अलोआ मध्ये कुठेतरी, २०१८ ते २०२१ तीन हंगाम टिकले. प्रश्न असा हवा की ब्रीखिन आणि आर्ब्रोथ यांत फरक काय होता.

उजवा_बॅक
+१. फरक चढायच्या वाटेत आहे. ब्रीखिन चौथ्या क्रमांकावरून, प्ले-ऑफच्या लॉटरीतून वर गेले. संघ मुळात लीग वनच्या मध्यावरचा. आर्ब्रोथ दोन्ही विभाग जिंकून वर आले आणि कणा तोच राहिला. मधल्या बचावात रिकी लिटल आणि थॉमस ओब्रायन, डावीकडे कॉलिन हॅमिल्टन, विंगवर बॉबी लिन. चॅम्पियनशिपमध्ये पहिल्या वर्षी पाचवे (तो हंगाम कोविडमुळे अर्धवट थांबला), दुसऱ्या वर्षी सातवे (२७ सामन्यांचा आखूड हंगाम), तिसऱ्या वर्षी दुसरे. म्हणजे २०२२ ची झेप एका वर्षाची नाही.

दोन संध्याकाळींच्या सरावात हे का महत्त्वाचं ते सांगतो. सर्वसाधारणपणे अर्धवेळ संघात मंगळवारी पळणं आणि छोट्या जागेतला खेळ, गुरुवारी रचना आणि सेट पीस. प्रत्येकी दीडएक तास. मंगळवारी सामना लागला की आठवड्यात एकच सराव उरतो. पूर्णवेळ संघाकडे चार-पाच सकाळी असतात. नवा बचावपटू आणला तर त्याला बाजूच्याची चाल कळायला पूर्णवेळ संघात तीन आठवडे लागत असतील तर इथे दोन महिने लागतात. बचावफळी वर्षानुवर्षं तीच ठेवली की हा तोटा जवळजवळ शून्यावर येतो. ऑफसाइडची रेषा कधी वर न्यायची हे शिकवावं लागतच नाही.

बाकावरचा
बॉबी लिनचं नाव निघालं म्हणून, तो पालिकेत कचरा उचलण्याच्या गाडीवर काम करायचा. पहाटेची पाळी, संध्याकाळी सराव. २०१८-१९ च्या लीग वनमध्ये खेळाडू संघटनेचा सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कारही त्यालाच.

जिलबी_स्पेशल
इथे लोक ऑफिसातून येऊन जिने चढताना धापा टाकतात.

मडगावचो_गोली
आपल्याकडच्या कंपन्यांच्या संघांशी तुलना करायचा मोह होतोय. साळगावकर, धेंपो, मुंबईत महिंद्र, एअर इंडिया, रेल्वे. खेळाडू नोकरदारच ना?

आकडेमोड
तुलना वरवरची आहे हो. तिकडे नोकरी आणि संघ एकाच मालकाचे, नोकरी मुळात खेळासाठी दिलेली. आर्ब्रोथच्या खेळाडूचा दिवसाचा मालक वेगळा. त्याला शनिवारच्या दुपारचं देणंघेणं नाही. शुक्रवारी जादा काम आलं तर ते करायचं. लीग वनमध्ये असताना स्ट्रॅनरारचा सामना असला की आर्ब्रोथहून सुमारे ३०० किमी बस, तीनची किकऑफ, रात्री उशिरा घरी. मंगळवारी रात्री असा दौरा लागला तर बुधवारी सकाळी कामावर हजर राहावंच लागतं. हेच कारण की अर्धवेळ क्लब शक्यतो तासाभराच्या परिघात राहणारे खेळाडू घेतात. फाइफ, डंडी, अँगस हा कॅम्पबेलांचा पट्टा. पन्नास वर्षांत त्या पट्ट्यातला कोण मुलगा कुठे राहतो, काय काम करतो, कोणाशी भांडला म्हणून मोकळा आहे, हे त्यांना पाठ.

चहाटळ
थोडक्यात, टोपीखाली अख्खी टेलिफोन डिरेक्टरी.

पुणेरी_पास
मला सगळा धागा जरा भाबडा वाटतो. उसन्या खेळाडूंचं काय? जोएल नूबल लिव्हिंगस्टनहून उसना आलेला. पूर्वार्धात आर्ब्रोथच्या आक्रमणाचा मोठा भाग तोच होता. जानेवारीत लिव्हिंगस्टनने परत बोलावला. म्हणजे सर्वात वरच्या, प्रीमियरशिपमधल्या क्लबाच्या पगारावरचा पूर्णवेळ खेळाडू वापरून "अर्धवेळ चमत्कार" म्हणायचं. शिवाय त्याच काळात किलमार्नकमध्ये गोंधळ. डिसेंबरमध्ये व्यवस्थापक टॉमी राइट यांना जावं लागलं, जानेवारीत डेरेक मॅकिनेस आले. किलमार्नक नुकतंच २८ वर्षांनी वरच्या विभागातून घसरलेलं, धक्क्यातून सावरत होतं. विभाग कच्चा होता, बस्स.

राखीव_फळी
@पुणेरी_पास, मुद्दा रास्त आहे. पण नूबल गेल्यावरही संघ शेवटच्या आठवड्यांपर्यंत शर्यतीत होता की. त्या हंगामात आर्ब्रोथचा सर्वाधिक गोल करणारा मायकल मॅकेना, तो मधल्या फळीतला आणि त्यांचा स्वतःचा. उसना खेळाडू सगळेच घेतात. घेतलेला कुठे बसवायचा हे महत्त्वाचं. कणा आपला आणि उसना फक्त पुढच्या एक-दोन जागी, म्हणजे जानेवारीत परत गेला तर भोक पुढे पडतं, मागे नाही. उलट करणारे क्लब फेब्रुवारीत कोसळतात.

आकडेमोड
आणि "विभाग कच्चा" याला उत्तर कोष्टकातच आहे. २२ एप्रिल २०२२, रग्बी पार्क. आर्ब्रोथ पुढे होते. शेवटच्या दहा मिनिटांत किलमार्नकचे दोन गोल, दुसरा ब्लेअर ऑल्स्टनचा ८९ व्या मिनिटाला. २-१, विजेतेपद नक्की. आता अंतिम कोष्टक ६७-६५ घ्या आणि फक्त हा एक निकाल बदला. आर्ब्रोथ जिंकले असते तर ६८-६४. नुसती बरोबरी झाली असती तरी ६६-६५, आर्ब्रोथ वर. १९७५ नंतर पहिल्यांदा वरच्या विभागात. एवढं जवळ.

पुणेरी_पास
हे गणित फसवं आहे. विजेतेपद त्या रात्रीच नक्की झाल्यावर किलमार्नक शेवटचा सामना कशाला जीव तोडून खेळेल? बरोबरी झाली असती तर शेवटच्या दिवशी वेगळे अकरा उतरले असते. कोष्टकातला एक आकडा बदलला की पुढचे सगळे बदलतात.

आकडेमोड
मान्य. "बरोबरी पुरली असती" हे मागे घेतो. "८९ व्या मिनिटापर्यंत दार उघडं होतं" हे ठेवतो.

तिसरा_पंच
प्ले-ऑफचं कोणी बोलत नाही. दुसरा क्रमांक आला म्हणून थेट बढती नाही. तिसरा आणि चौथा आधी दोन लेग (एक सामना घरी, एक बाहेर) खेळतात, त्यांचा विजेता दुसऱ्याशी दोन लेग, आणि मग प्रीमियरशिपमधल्या अकराव्याशी पुन्हा दोन. आर्ब्रोथची गाठ इनव्हर्नेसशी. पहिला लेग ०-०, दुसरा गेफील्डवर, तोही ०-०, जादा वेळेसह. त्यात इनव्हर्नेसचे दोघे लाल कार्ड घेऊन बाहेर. नऊ जणांविरुद्ध गोल झाला नाही आणि पेनल्टीवर ५-३ ने हरले. इनव्हर्नेसला पुढे सेंट जॉन्स्टनने सहज हरवलं.

हवामानखाते
पेनल्टीला वारा कोणत्या बाजूने होता ते पाहायला हवं.

उजवा_बॅक
बसा खाली.

नऊ जणांविरुद्ध गोल न होणं यात मात्र अर्धवेळ संघाची खरी मर्यादा दिसते. बचाव सवयीने शिकता येतो, ते वर लिहिलंच. पण गच्च बसलेली फळी फोडायला पास-हालचालींचे ठरीव नमुने लागतात आणि त्यांना सरावाचे तास लागतात. त्यात मे महिना. ३६ लीग सामने, वर लीग कपाचा गट आणि स्कॉटिश कप, सगळं नोकरी सांभाळून. मंगळवारी एक लेग, शुक्रवारी दुसरा, अशा वेळी पूर्णवेळ खेळाडू मधले दोन दिवस मालिश आणि झोप घेतो. हे लोक कामावर जातात. १४ बरोबरी काय सांगतात? हरणं टाळता येत होतं, सामना फोडणं तितकं नाही.

काठावरून
बराच वेळ वाचत होते. मूळ प्रश्नाचं एक उत्तर अजून आलंच नाही: पैसा. पण उलट्या दिशेने.

सगळे असं धरून चाललेत की अर्धवेळ म्हणजे कमी दर्जाचा खेळाडू. स्कॉटलंडच्या दुसऱ्या स्तरावर तसं नाही. तिथला पूर्णवेळ पगार मोठा नसतो, करार बहुधा एक-दोन वर्षांचा, आणि पस्तिशीत पुढे काय हा प्रश्न उभा. इलेक्ट्रिशियन, शिक्षक, विमा कचेरीतला कारकून असा एखादा खेळाडू घ्या. दिवसाची नोकरी अधिक अर्धवेळ क्लबचे पैसे यांची बेरीज त्या पूर्णवेळ पगारापेक्षा जास्त होते, आणि नोकरीतली बढती, पेन्शन चालू राहते. म्हणून अठ्ठावीस-तिशीचा, घर घेतलेला, मूल शाळेत असलेला चांगला खेळाडू पूर्णवेळ क्लबला नाही म्हणतो आणि आर्ब्रोथला हो म्हणतो. त्या वयाच्या बाजारात अर्धवेळ क्लब स्पर्धेत पुढे असतो. पूर्णवेळ क्लबच्या वाट्याला एक तर विशीतली मुलं किंवा वरून घसरलेली महाग नावं.

कॅम्पबेलांनी हे ओळखून संघ बांधला. म्हणून फळी वर्षानुवर्षं टिकली, कारण त्यांना सोडून जायचं कारणच नव्हतं. उजवा_बॅक म्हणतात ती बचावाची सवय याच्या पोटातून आली. ब्रीखिनच्या २०१७ च्या संघाला ही मुरवण मिळायच्या आत वर जावं लागलं.

याची किंमतही असते. असा संघ एकत्र म्हातारा होतो. २०२२-२३ मध्ये आर्ब्रोथ आठवे. नोव्हेंबर २०२३ मध्ये कॅम्पबेलांनी पद सोडलं आणि त्या मोसमाअखेर क्लब खाली. मधल्या काळात कण्याच्या जागी दुसरा कणा घडवणं राहून गेलं, आणि याची जबाबदारी त्यांच्याचकडे जाते.

पुणेरी_पास
हा प्रतिसाद आवडला. विभाग कच्चा होता हे माझं मत कायम, पण संघ का पक्का होता ते कळलं.

मडगावचो_गोली
धाग्याच्या विषयाला धरून: खालच्या लीगचा खेळाडू ते व्यवस्थापक ही वाट आता राहिली आहे का? परवाना लागतो ना?

तिसरा_पंच
लागतो. युएफाची (युरोपीय फुटबॉल संघटना) सी, बी, ए आणि प्रो अशी चढण. स्कॉटिश संघटनेचे अभ्यासक्रम लार्ग्जला घ्यायची मोठी परंपरा, तिथे मोरिन्योसुद्धा येऊन शिकून गेला. परवाना तीन वर्षांचा. मुदत वाढवायला त्या काळात १५ तासांचं पुढचं प्रशिक्षण दाखवावं लागतं. १९७४ मध्ये अॅलेक्स फर्ग्युसन ईस्ट स्टर्लिंगशरला व्यवस्थापक म्हणून आला तेव्हा असलं काही आड आलं नाही. संघात गोलरक्षकच नव्हता, ती अडचण मोठी होती. तो क्लबही २०१६ ला एडिनबरा सिटीकडून हरून लीगबाहेर गेला.

राखीव_फळी
वाट राहिली आहे आणि तीही आर्ब्रोथमध्येच. २०२४ च्या हंगामात लीग वनमध्ये गाडी अडली तेव्हा क्लबने संघातल्याच दोघांना बसवलं, कॉलिन हॅमिल्टन आणि डेव्हिड गोल्ड. दोघेही कॅम्पबेलांच्या हाताखाली खेळलेले. आधी तात्पुरते, मग कायमचे. २०२५ मध्ये त्यांनी लीग वन जिंकून क्लबला चॅम्पियनशिपमध्ये परत नेलं. काठावरून म्हणतात तो दुसरा कणा खेळाडूंत नाही सापडला, बाकावर सापडला.

उजवा_बॅक
त्यातला हॅमिल्टन डावा बॅक. नोंद घ्यावी. उजव्या बॅकला कोणी व्यवस्थापक करत नाही.

चहाटळ
आधी टोपी घ्या.